रोमन घुमट एकोणीसशे वर्षं उभा, आमचा स्लॅब अठ्ठावीस वर्षांत खाली. चुन्याने दुरुस्ती होईल का?

माडाची सावली:

नमस्कार मंडळी,

आमचं घर देवगड तालुक्यात, समुद्रापासून चालत पाच मिनिटांवर. ओटी, माजघर आणि स्वयंपाकघर पणजोबांच्या काळातलं, चिऱ्याचं, चुन्यात बांधलेलं. १९९६ साली बाबांनी मागे दोन खोल्या वाढवल्या आणि त्यांच्यावर आरसीसी स्लॅब टाकला. तेव्हा आमच्या वाडीत स्लॅबचं घर म्हणजे अपूर्वाई होती. बाबांनी त्यासाठी पीएफ काढला होता.

२०२४ साली गणपतीच्या आधी, आई जिथे तांदळाचं पिंप ठेवते बरोबर तिथे परातीएवढा तुकडा खाली आला. आई त्या वेळी अंगणात होती. वर बघितलं तर सळया उघड्या पडलेल्या, हात लावला की गंजाचे पापुद्रे निघतात. पणजोबांच्या भिंतींना मात्र काहीही झालेलं नाही.

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये रोमला जाणं झालं. पँथिऑनमध्ये उभी होते तेव्हा पाऊस सुरू झाला आणि घुमटाच्या मधोमध जे गोल उघडं भोक आहे त्यातून सरळ आत पडायला लागला. जमिनीला किंचित उतार आहे, फरशीत छोटी भोकं आहेत, त्यांतून पाणी निघून जातं. हा घुमट सम्राट हेड्रियनच्या वेळचा, असाच भिजत आलाय आणि त्यात एकही सळई नाही, हे ऐकलं आणि मला आमची मागची खोली आठवली. बाकीची मंडळी बाहेर गेली तरी मी तिथेच उभी होते.

घरी आल्यापासून मिळेल ते वाचतेय. रोमन काँक्रीटच्या भेगा आपोआप बुजतात, समुद्राच्या पाण्यात ते आणखी घट्ट होतं, असं सगळीकडे लिहिलंय. आणि आता एक कंत्राटदार म्हणतात की सळया घासून घेऊ, वरून चुना मिसळलेला खास गिलावा करू, "रोमन पद्धतीचा", मग पुढची शंभर वर्षं बघायला नको. दीड लाख सांगितलेत. बाबा हो म्हणायच्या बेतात आहेत.

मला खरंच कळत नाहीये. भेगा बुजतात हे खरं असेल तर तो गिलावा का करू नये? की जुना स्लॅब पाडून नवीन स्लॅबच चुना आणि राख घालून टाकता येईल? जाणकारांनी कृपया सांगावं.

---

रसायन आणि रेती:

भेगा बुजण्याबद्दल मला माहीत आहे तेवढं सांगते, मी पदव्युत्तर रसायनशास्त्र शिकतेय.

रोमन काँक्रीट फोडलं की आत पांढरे, काही मिलिमीटरचे चुन्याचे गोळे दिसतात. पूर्वी समजूत होती की माल नीट कालवला गेला नाही म्हणून ते राहिले. २०२३ साली अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठाच्या अदमिर मासिक यांच्या गटाने रोमच्या दक्षिणेला असलेल्या प्रिव्हेर्नम गावच्या तटबंदीचे नमुने तपासले आणि उलट निष्कर्ष काढला. रोमन लोक कळीचा, म्हणजे न भिजवलेला, चुना ज्वालामुखीच्या राखेत तसाच मिसळून त्यावर पाणी घालत असावेत. मिश्रण खूप तापतं आणि चुन्याचे ठिसूळ गोळे शिल्लक राहतात. पुढे भेग पडली की ती या गोळ्यांमधून जाते, पावसाचं पाणी त्यातला चुना विरघळवतं आणि तो भेगेत कॅल्साइट, म्हणजे चुनखडीचं खनिज, होऊन बसतो. त्यांनी तसे ठोकळे बनवून तोडले, अर्धा मिलिमीटर फट ठेवून त्यातून पाणी सोडलं. दोन आठवड्यांत पाणी जायचं बंद झालं. गोळे नसलेल्या ठोकळ्यातून पाणी वाहतच राहिलं.

पाँपेई या रोमन शहरात तर एक अर्धवट राहिलेलं बांधकामच सापडलंय. इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखी फुटला तेव्हा काम चालू होतं. तिथे कळीचा चुना आणि राख कोरडीच मिसळून ठेवलेले ढीग मिळाले. त्यामुळे या म्हणण्याला बळ आलंय.

तेव्हा शास्त्र खरं आहे. तुमच्या स्लॅबला ते लागू पडतं का, हे बांधकामातल्या लोकांनी सांगावं.

---

भरती-ओहोटी:

ताई, आधी एक करा. त्या खोलीतला वावर आजपासून बंद करा आणि स्लॅबखाली सेंट्रिंगवाल्याकडून लोखंडी टेकू लावून घ्या. तांदळाचं पिंप ओटीवर आणा. हे झालं की मग बाकीचं वाचा.

मी एकतीस वर्षं कोकणातल्या बंदरांच्या कामांवर होतो. धक्के, जेट्या, बंधारे. आता निवृत्त आहे. समुद्र काँक्रीटचं काय करतो हे मी रोज बघितलंय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुमच्या स्लॅबमधलं सिमेंट मेलेलं नाही. मेली आहे सळई. ताज्या काँक्रीटमध्ये क्षार (मीठ नव्हे, अल्कली) भरपूर असतो, त्यामुळे आतल्या लोखंडावर एक पातळ कवच धरतं आणि ते गंजत नाही. दोन गोष्टी हे कवच मोडतात. हवेतला कार्बन डायऑक्साइड हळूहळू आत शिरून काँक्रीटचा क्षार मारतो, आणि समुद्राचं मीठ थेट सळईपर्यंत पोचतं. एकदा गंज धरला की लोखंड फुगतं, मूळ जागेच्या दुपटीपासून सहापटीपर्यंत जागा मागतं. आतून दाब आला की खालचा थर निसटतो. तुमच्या आईच्या पिंपावर पडला तो हा थर, ज्याला आम्ही कव्हर म्हणतो.

आता घुमटाकडे या. पँथिऑनमध्ये सळईच नाही, म्हणजे मिठाला आणि हवेला खायला काही नाही. रोमन काँक्रीट टिकण्याचं हे पहिलं आणि सर्वांत मोठं कारण आहे. कोणी त्याबद्दल लिहीत नाही, कारण त्यात गूढ काही नाही.

त्यांचा माल आपल्यापेक्षा ताकदीने कमी होता, हेही लक्षात घ्या. समुद्रातल्या रोमन ठोकळ्यांची दाब सहन करायची ताकद दर चौरस मिलिमीटरला साधारण ५ ते १० न्यूटन भरते. आपलं साधं एम-२५ काँक्रीट अठ्ठावीस दिवसांत २५ देतं. मग ४३ मीटर व्यासाचा घुमट उभा कसा? आकारामुळे आणि वजन वाटल्यामुळे. तळाशी भिंती सहा मीटर जाड. पायात ट्रॅव्हर्टाइन या जड चुनखडकाची खडी, वर चढत जाताना टफ, म्हणजे घट्ट झालेल्या ज्वालामुखी राखेचा दगड, आणि विटांचे तुकडे, आणि टोकाला हलका प्युमिस, जो पाण्यावर तरंगतो तो दगड. घुमटाची जाडीही खाली सहा मीटर आणि भोकाशी जेमतेम सव्वा मीटर. तुम्ही आतून जे चौकोनी खण बघितलेत, अठ्ठावीसचे पाच थर, तेही वजन उतरवतात. ज्या कोणी हे ठरवलं त्याला प्रत्येक घमेलं कुठे जाणार हे माहीत होतं.

आणि त्या घुमटाला भेगा आहेत. उभ्या, बुडापासून वर चढत गेलेल्या. काँक्रीटला ताण सोसत नाही, त्यामुळे खालचा भाग बाहेर फाकला आणि चिरला. तरीही तो पडला नाही, कारण चिरल्यावर त्याच्या फाका शेजारी शेजारी ठेवलेल्या कमानींसारख्या एकमेकींवर रेलून राहिल्या आणि सगळं वजन नुसत्या दाबाने जाड भिंतीत उतरलं.

तुमचा स्लॅब पाच इंच जाड आणि दहा-बारा फूट रुंद खोलीवर आडवा पसरलेला. तो वाकतो, त्याची खालची बाजू ताणली जाते आणि तो ताण सळई घेते. सळई नसेल तर तो स्लॅब टेकू काढताक्षणी खाली येईल. चुना आणि राख घालून सपाट स्लॅब होणार नाही. रोमन गवंड्याला तुमची खोली झाकायला सांगितली असती तर त्याने दोन-अडीच फुटी भिंती घेऊन वर कमान वळवली असती, नाहीतर तुमच्या पणजोबांसारखे वासे टाकले असते. म्हणून "रोमन पद्धतीचा गिलावा" स्लॅबला खालून लावणं म्हणजे तापलेल्या माणसाला पावडर लावणं. भेग बुजेल कदाचित, पण आत सळई फुगतेच आहे. चार पावसाळ्यांनी गिलावा आणि कव्हर दोन्ही एकदम उतरतील, आणि तोवर आत काय चाललंय ते दिसणारही नाही. दीड लाख देऊ नका.

मुलगी इटलीत नेपल्सला शिकायला होती तेव्हा मी जवळच्या पोझ्झुओली गावाला गेलो होतो. मुद्दाम. याच गावाच्या नावावरून त्या राखेला पोझ्झोलाना म्हणतात, आणि आपण पीपीसी सिमेंटच्या गोणीवर जो "पोझोलाना" शब्द वाचतो तो तिथूनच आला. आख्खं गाव ज्वालामुखीच्या कढईत बसलंय. जमीन वर-खाली होते. बाजारपेठेच्या अवशेषांत संगमरवरी खांब आहेत, त्यांवर माणसाच्या डोक्याच्या वर समुद्री किड्यांनी पोखरलेली भोकं दिसतात, म्हणजे ते खांब मधल्या काळात समुद्रात बुडून पुन्हा बाहेर आलेत. रस्त्याकडेच्या कापात ती राख हातात घेतली. भुरकट, पिठासारखी, मध्ये कचकच. शेजारच्या बाइया गावी काचेच्या तळाच्या बोटीतून बुडालेलं रोमन शहर दाखवतात. मी दोन फेऱ्या केल्या. माझ्या कामावरचे पाइल, म्हणजे समुद्रात रोवलेले काँक्रीटचे खांब, पंधरा वर्षांत भरती-ओहोटीच्या पट्ट्यात फुटलेले मी बघितले होते, आणि इथे पाण्याखाली दोन हजार वर्षांची भिंत उभी. मुलगी म्हणाली, बाबा, बोलत का नाही? मला बोलता येत नव्हतं.

रोमन लोक लाकडी साचा समुद्रात उतरवायचे आणि त्यात चुना, राख नि टफचे धोंडे भरायचे. व्हिट्रुव्हियस या रोमन वास्तुविशारदाने प्रमाण लिहून ठेवलंय: समुद्रातल्या कामाला एक भाग चुना, दोन भाग राख. हेरोद राजाने सिझेरियाचं बंदर बांधलं तेव्हा ही राख नेपल्सच्या उपसागरातून जहाजांनी थेट आजच्या इस्रायलच्या किनाऱ्यापर्यंत नेली होती. संशोधक मेरी जॅक्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असल्या बंदरांतल्या ठोकळ्यांचे गाभे काढून तपासले. खारं पाणी आत झिरपून राखेशी हळूहळू क्रिया करत राहतं आणि टोबरमोराइट, फिलिप्साइट असे खनिजांचे स्फटिक भोकांत वाढतात. जे मीठ आपल्या सळईला खातं, ते त्यांच्या राखेला बांधत होतं. पण त्याला वेळ लागला, आणि त्या वेळात ठोकळ्यावर धावण्यासाठी कोणी ट्रक आणला नव्हता.

आता एक गोष्ट, जी मी फार थोड्या लोकांना सांगितली आहे. एका जेटीचा स्लॅब आम्ही टाकला तेव्हा मी नवीन होतो. सळईखाली ठेवायचे कव्हर ब्लॉक संपले होते. मुकादमाने खडीचे तुकडे सरकवले, वीस मिलिमीटरची खडी, आणि सळया त्यावर बसवल्या. काँक्रीट ओतताना माणसं वर चालली, खडी निसटली, सळई साच्याला टेकली. मी बघितलं होतं. संध्याकाळ होत होती, मिक्सर चालू होता, मी थांबवलं नाही. मोजमापाच्या पुस्तकात माझी सही आहे. चौदा वर्षांनी त्याच जेटीची पाहणी माझ्याकडे आली. फोडलेल्या काँक्रीटवर फिनॉल्फथॅलिन नावाचं रसायन मारलं की क्षार शाबूत असेल तिथे गुलाबी होतं. तिथे सळईच्या आजूबाजूला काहीच गुलाबी झालं नाही. कव्हर मोजलं, आठ मिलिमीटर. कुठे पाच.

आपल्या काँक्रीटच्या मानकाप्रमाणे, आयएस ४५६ प्रमाणे, किनाऱ्यावरच्या वातावरणात ४५ मिलिमीटर हवं, आणि थेट समुद्राचे तुषार उडत असतील तर ५०. तुमचा स्लॅब फोडाल तेव्हा पट्टी लावून बघा. मला वाटतं काय निघेल ते मला माहीत आहे.

---

दगड आणि दिवा:

वरचं सगळं मान्य, फक्त एक. जे पडलं ते आपल्याला दिसत नाही. रोममधल्या भाड्याच्या बहुमजली इमारती सतत कोसळायच्या, त्याच शहरात. पँथिऑन राहिला त्याचं एक कारण इसवी सन ६०९ मध्ये त्याचं चर्च झालं, आणि तेव्हापासून त्याचा वापर आणि देखभाल सुटली नाही. आपल्याकडेही चुन्यातले कितीतरी वाडे पडले, उभे राहिले तेच आपण मोजतो.

---

भरती-ओहोटी:

अगदी खरं, आणि माझ्याकडून हे राहून गेलं. थोरला प्लिनी या रोमन लेखकाने लिहून ठेवलंय की रोम शहरातल्या इमारती कोसळण्याचं मुख्य कारण चुन्याची चोरी. चुना गायब केला जातो आणि दगड बांधणीच्या मालाशिवाय नुसते रचले जातात. त्याच ठिकाणी तो सांगतो की जुन्या नियमांत ठेकेदाराला तीन वर्षांपेक्षा ताजा चुना वापरायची बंदी होती, आणि म्हणून त्या काळच्या गिलाव्यांना भेगा नाहीत. दोन हजार वर्षांपूर्वी ठेकेदाराच्या मालावर नियम होता आणि तो मोडलाही जात होता. हे वाचलं तेव्हा मला ती जेटी आठवली.

---

चुन्याची भट्टी:

मी चुन्यात काम करतो. किल्ल्यांवर, देवळांवर, वाड्यांवर. सिमेंटच्या स्लॅबबद्दल काका बोलले ते ऐका. मी भिंतीबद्दल बोलतो, कारण ताईंची पुढची चूक तिथे होईल.

स्लॅबचं काम करायला माणसं आली की ती म्हणणार, काकू, एवढा माल आणलाच आहे तर जुन्या भिंतीलाही सिमेंटचा गिलावा मारून टाकू, दिसायला एकसारखं होईल. करू देऊ नका. चिरा पाणी पितो आणि सोडतो. चुन्याचा गिलावा त्याच्यासोबत श्वास घेतो. सिमेंटचा थर बसला की पाणी आत अडकतं, चिरा आतल्या आत मऊ पडतो, भिंतीला पांढरी मिठाची बुरशी फुटते आणि एक दिवस गिलावा चिऱ्याची साल घेऊन खाली येतो. शंभर वर्षांची भिंत दहा वर्षांत खराब झालेली मी स्वतः उतरवली आहे. एक नाही, पुष्कळ.

चुना कसा लावायचा ते सांगतो, म्हणजे कोणी फसवणार नाही. कळीचा चुना टाकीत पाण्यात सोडायचा. उकळतो, वाफ येते, लांब उभं राहायचं, डोळे सांभाळायचे. मग तो पाण्याखाली ठेवायचा, जितका जुना तितका लोण्यासारखा. आम्ही कमीत कमी तीन महिने ठेवतो. काका तीन वर्षं म्हणाले ते वाचून बरं वाटलं, माझे आजोबा एका पिढीने भिजवलेला चुना दुसऱ्या पिढीने वापरावा असं म्हणायचे. त्यात वाळू आणि सुरखी. सुरखी म्हणजे कमी भाजलेल्या विटांची पूड. फार भाजलेली काळी वीट घेऊ नका, तिचा उपयोग नाही. सगळं घाण्यात, म्हणजे चाक फिरणाऱ्या गोल चरात, मळायचं. पूर्वी बैल फिरायचे, आता आम्ही मोटर लावतो. पाणी सुटणाऱ्या जागी गूळ आणि हिरड्याचं पाणी घालतो. कोकणात शिंपल्यांचाही चुना पाडत, तुमच्या पणजोबांच्या भिंतीत तो असेल तर मला नवल वाटणार नाही. सांध्यात बोट फिरवून बघा, शिंपल्याचे कण लागतात.

ही सुरखी रोमन लोकही घालत, त्यांच्या पाण्याच्या टाक्यांच्या आत विटांचा चुरा घातलेला गुलाबीसर गिलावा असायचा, असं एका कामावर आलेल्या बाईंनी सांगितलं होतं. मला ते ऐकून आश्चर्य वाटलं नाही. जिथे ज्वालामुखीची राख नाही तिथे माणूस भाजलेली माती कुटणारच. केरळातलं मुल्लपेरियारचं धरण चुना-सुरखीतच बांधलंय, १८९५ सालचं.

वाळू नदीची घ्या, धुऊन. समुद्राची नको.

---

भरती-ओहोटी:

वाळूबद्दल जोडतो. व्हिट्रुव्हियस हेच सांगतो: समुद्राच्या वाळूचा गिलावा केला तर मीठ फुटून वर येतं आणि गिलावा सुटतो. वाळू पारखायची रीतही देतो. मुठीत चोळली की करकरली पाहिजे, आणि पांढऱ्या कपड्यावर टाकून झटकली की डाग राहता कामा नये. मी ही परीक्षा साइटवर कित्येकदा केली आहे, रुमालावर.

ताई, बाबांना विचारा, १९९६ ला वाळू कुठून आली होती?

---

माडाची सावली:

सगळ्यांचे मनापासून आभार. टेकू लावलेत. कंत्राटदारांना "नको" असं कळवलं.

बाबांना विचारलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, खाडीच्या तोंडाजवळून होडीने आणली होती, सगळे तशीच आणायचे, स्वस्त पडायची. पीएफचे पैसे संपत आले होते.

बाबांना यात दोष द्यावासा वाटत नाही. पण आता पुढे काय करू? स्लॅब पाडायचाच का? आणि नवीन टाकायचा तर रोमन लोकांकडून काहीच घेता येणार नाही का? मला तो घुमट विसरता येत नाहीये.

---

भरती-ओहोटी:

बाबांना दोष देऊ नका. त्यांना कोणी सांगितलं नव्हतं, आणि ज्यांना माहीत होतं ते गावात येत नव्हते.

स्लॅब पाडायचा की नाही हे मी इथे बसून सांगणार नाही. तालुक्याच्या किंवा जिल्ह्याच्या ठिकाणाहून स्ट्रक्चरल इंजिनिअर बोलवा आणि दोन-तीन ठिकाणी कोरून बघायला सांगा. पण मीठ वाळूतूनच आलेलं असेल तर ते पूर्ण जाडीत पसरलेलं आहे. एक तुकडा दुरुस्त केला की शेजारचा धरतो. अशा वेळी माझा कल पाडण्याकडे असतो. पाच इंची दोन खोल्यांचा स्लॅब आहे, पूल नाही.

नवीन स्लॅबमध्ये रोमन लोकांकडून घ्यायचं ते गोणीत मिळतं. राख. चुन्याला राख दिली की तो पाण्यात घट्ट होतो, ही त्यांची खरी विद्या. आपल्या पीपीसीत औष्णिक वीज केंद्रांची फ्लाय अ‍ॅश असते, १५ ते ३५ टक्के. सिमेंट पाण्याशी जुळताना जो चुना मोकळा सुटतो, त्याला ही राख पकडते आणि बारीक भोकं बुजत जातात. मीठ आत जायला वाट कमी होते. पोलाद कारखान्यांच्या भट्टीतल्या मळीचं स्लॅग सिमेंट किनाऱ्यावर आणखी चांगलं. मी शेवटच्या दहा वर्षांत समुद्राच्या कामाला शक्यतो तेच वापरलं. भाजलेली माती आणि चुनखडी घालून केलेलं एलसी-थ्री नावाचं सिमेंटही आता आलंय, स्वित्झर्लंडचे आणि आपल्या आयआयटींचे संशोधक त्यावर एकत्र काम करत होते, आणि २०२३ साली त्याला आपलं भारतीय मानक मिळालं. भाजलेली माती म्हणजे आपल्या भट्टीवाल्या दादांच्या सुरखीचीच बहीण.

यात आणखी एक लाभ आहे. सिमेंटचा क्लिंकर, म्हणजे दळण्याआधीचे भाजलेले गोळे, साधारण १४५० अंशांवर भाजावा लागतो, चुना ९०० च्या आसपास होतो. जगाच्या कार्बन उत्सर्जनातला सात-आठ टक्के वाटा एकट्या सिमेंटचा आहे. जितकी राख किंवा माती घालू तितका क्लिंकर कमी. त्या विषयावर मी आता फार विचार करतो, कारण माझ्या हातून किती हजार गोण्या गेल्या त्याचा हिशोब मला माहीत आहे.

पण राखेच्या सिमेंटला घाई चालत नाही. ते ताकद सावकाश घेतं. साचे लवकर काढू नका आणि पाणी मारायचं सात दिवसांवर सोडू नका, किमान चौदा दिवस, गोणपाट ओलं ठेवून. स्लॅबवर मातीचे बांध घालून पाणी साठवलंत तर उत्तम. किनाऱ्याला एम-३० च्या खाली जाऊ नका. माल सैल करायला वरून पाणी ओतू देऊ नका, मिक्सरवाला हमखास ओततो. कव्हर ब्लॉक सिमेंटचे, ४५ चे, दर तीन फुटांवर, तारेने सळईला बांधलेले. आणि काँक्रीट ओतायच्या आधी तुम्ही स्वतः, किंवा आई, बॅटरी घेऊन साच्यात खाली वाकून बघा. सळई आणि फळी यांच्यामध्ये ४५ चा सुटा ब्लॉक नीट गेला पाहिजे. नाही गेला तर मिक्सर सुरू होऊ देऊ नका, कितीही संध्याकाळ झालेली असो.

---

चुन्याची भट्टी:

आणि स्लॅबचं पाणी जुन्या भिंतीवर पडणार नाही एवढी पागोळी बाहेर काढा. नवीन आणि जुन्याच्या मध्ये सांधा मोकळा ठेवा, दोघांना एकत्र बांधू नका.

---

माडाची सावली:

दोन महिन्यांनी लिहितेय.

स्लॅब पाडला. इंजिनिअर आले होते, त्यांनी कोरून बघितलं आणि पाडा म्हणाले. पाडताना मी पट्टी घेऊन उभी होते. बहुतेक ठिकाणी दहा मिलिमीटर, एका कोपऱ्यात सळई थेट गिलाव्याला लागलेली. सळयांखाली खडीचे तुकडे अजून तसेच चिकटलेले होते. एक मी ठेवून घेतलाय. काँक्रीटच्या तुकड्यात शिंपल्यांचे कण होते, उन्हात चमकत होते.

नवीन स्लॅब गेल्या सोमवारी टाकला, स्लॅग सिमेंटचा. मिक्सर दोनला यायचा होता तो पाचला आला. साच्यात बॅटरी घेऊन आई स्वतः वाकली, गुडघे दुखत असताना. दोन ठिकाणी तिच्या हातातला ब्लॉक गेला नाही. गवंडी म्हणाला काकू एवढ्याने काही होत नाही. आई म्हणाली, आधी ते उचला. उचलून ब्लॉक बसवेपर्यंत साडेसहा झाले, मग दिवे लावून ओतलं.

आता वर पाणी साठवलंय. बाबा रोज सकाळ-संध्याकाळ शिडी चढून बांध बघतात आणि कुठे फुटला असेल तर माती लिंपतात. आज सहावा दिवस.

भट्टीवाले दादा, माजघराच्या सांध्यात बोट फिरवून बघितलं. शिंपल्याचे कण लागतात. तुम्ही पावसाळ्यानंतर इकडे येणार असाल तर कळवा, ओटीची एक भिंत तुम्हाला दाखवायची आहे.